पाणी येऊन जाऊ द्या

आज सकाळी चहाच्या आधी हंडा उचलला आणि शांताबाईंच्या कोपऱ्यावरच्या नळापाशी नेऊन ठेवला. माझ्यापुढे नऊ भांडी लागली होती. दोन स्टीलच्या घागरी, एक कळशी, बाकी सगळं प्लास्टिक. तांब्याचा असा आमचा एकच. गळ्याखाली ठिपक्याठिपक्यांनी टोचलेलं नाव अजून वाचता येतं: ‘चि. सौ. कां. शैला हिस मामाकडून.’ त्याखाली आमच्या लग्नाची तारीख होती, ती चिंचेनं घासून घासून गेली.

पाणी सोडून बारा दिवस झाले. आज येईल म्हणतात. काल पण असंच म्हणत होते.

वैशाखातलं जालना कानांनी ओळखावं, असं शैला म्हणायची. रिकामा हंडा फरशीवर ठेवला की घणघणतो. अर्धा भरला की आवाज दबतो. भरलेला हंडा मुका. पाणी येऊन दोन दिवस झाले की गल्ली शांत असते. आठवा-नववा दिवस लागला की घराघरांतून घणघण वाढत जाते, माणसांचे आवाज चढतात, सासवासुनांची भांडणं रस्त्यावर ऐकू येतात. “गाव रिकामं व्हत चाल्लं की वाजायला लागतं,” ती म्हणायची. मी इतकी वर्षं त्याच गल्लीत राहत होतो, वाचनालयात नोकरी करत होतो, रोज निदान शंभर पानं वाचत होतो. हे मला कधी ऐकू आलं नव्हतं.

आमची गल्ली उताराची आहे. घरोघरी नळ आहेत, पण वरच्या अंगाच्या घरांना पाणी जेमतेम चढतं आणि अर्ध्या तासात गुरगुरून बसतं. खाली, शांताबाईंच्या भिंतीला लागून एक जुना सार्वजनिक नळ आहे. सगळ्या गल्लीचं पाणी गेलं तरी त्याला थोडा वेळ धार राहते. म्हणून घरचं भरून झालं की सगळे त्या कोपऱ्यावर. सकाळपासून प्रत्येक घराचं एक भांडं तिथं ओळीत उभं असतं, तो त्या घराचा नंबर. माणूस कामाला गेलं, बाजारात गेलं, चालतं. भांडं हलवायचं नाही. एकदा एका नव्या भाडेकरणीनं पुढची कळशी बाजूला सरकवली होती. शांताबाई ओट्यावरून उठल्या नाहीत, नुसत्या बोलल्या, “ए बाई, ती माझ्या सासूची कळशी हाय. सासू वर जाऊन वीस वर्स झाले, पण नंबर तिचाच हाय.”

भाडेकरणीनं कळशी होती तिथं ठेवली. शैलानं कॅमेऱ्यात घेतलेला तो पहिला नळाचा प्रसंग. चार वर्षांपूर्वीच्या फाल्गुनातला.

तिला कुणी काही शिकवलं नाही. केदारखेड्याच्या शेतकरी घरातली, दहावी झाल्यावर माझ्याशी लग्न होऊन इथं आलेली. पन्नाशीच्या अलीकडे कधीतरी तिनं मोबाइलवर स्वयंपाकघरातल्या वांग्यांचे फोटो काढायला सुरुवात केली. फक्त वांगी. खिडकीच्या उजेडात सकाळची, दुपारची, दिवेलागणीची. मला वाटलं, हे चार दिवसांचं वेड. मग लग्नाचे फोटो काढणं सोडून दिलेल्या एका माणसाकडून तिनं जुना कॅमेरा आणला. त्याच्याबरोबर इंग्रजी माहितीपुस्तक होतं. मी शब्दकोश घेऊन बसलो, एकेक वाक्य मराठी करून तिला वाचून दाखवू लागलो. तिसऱ्या पानावर ती म्हणाली, “अहो, ते राहू द्या. बटन कोणतं तेवढं सांगा.”

मला बटण सापडलं नाही. तिला सापडलं.

मग ती बाहेर पडली. कारखान्यातून पाळी संपवून येणारी माणसं चहाच्या गाडीवर हात पुसतात, ते हात. बियाण्यांच्या दुकानातला तराजू. शिंप्याच्या पायाखालची चिंध्यांची रास. पापड लाटताना बायका एकमेकींच्या नवऱ्यांची नक्कल करतात, तेही. सुरुवातीला लोक अवघडायचे, केस सारखे करायचे. ती तासभर नुसती बसून राहायची. लोकांना तिचा कंटाळा आला की कॅमेरा सुरू करायची. “ध्यान देऊन राह्यले तवर ते खोटे असतेत,” म्हणायची.

संध्याकाळी गल्लीतल्या भिंतीवर चादर बांधून ती हे सगळ्यांना दाखवायची. शाळेतून प्रोजेक्टर मागून आणायचं काम माझं. पडद्यावर स्वतःला बघून गल्ली हसून लोळायची.

“अगं बाई, माझं पोट केवढं दिसून राह्यलं!”

“दिसून न्हाई राह्यलं, हायच तेवढं.”

“शैलाबाई, मला जरा बारीक करा की वो.”

“पुढच्या बारीला उपास धरा, मंग करते.”

एकदा कुणीतरी विचारलं, की यात तुम्ही कुठं आहात, आणि सर कुठं आहेत? शैला म्हणाली, “घरातलं माणूस चित्रात घ्यायचं न्हाई. मंग तेवढंच दिसतं, बाकी गल्ली दिसत न्हाई.” हा तिचा नियम होता. माझा एकही फोटो तिनं काढला नाही. मला त्याचं थोडं वाईट वाटलं होतं, ते मी बोललो नाही.

त्या उन्हाळ्यात तिनं नळाचा चित्रपट करायचं ठरवलं. नाव ठरलं होतं, ‘नंबर’. भांड्यांवरची टोचलेली नावं तिनं एकेक करून घेतली. कुणाच्या बारशाची वाटी, कुणाच्या वास्तुशांतीचं पातेलं, ‘कै. आईच्या स्मरणार्थ’ दिलेली घागर. ओळीत जिवंत माणसांपेक्षा मेलेल्यांची नावं जास्त निघाली. ती हसून म्हणाली, “बघा, अर्धं जालना पाण्याला उभं हाय.” सगळं मिळालं होतं. एकच राहिलं होतं: पाणी जातं तो क्षण. धार बारीक होते, दोरीसारखी पिळते, तुटते, एक थेंब, दुसरा थेंब, आणि मग नळातून हवा ओढल्याचा आवाज येतो. त्या आवाजावर तिला चित्रपट संपवायचा होता. तो क्षण बारा दिवसांतून एकदाच यायचा.

कुशीत दुखतंय असं ती गुढीपाडव्याच्या आसपास म्हणाली. भूक गेली होती. पोळी अर्धी ठेवून उठायची. इथल्या डॉक्टरांनी तपासलं, कागद लिहून दिला आणि म्हणाले, “संभाजीनगरला मोठ्या दवाखान्यात दाखवा. इथं होत नाही ते. लवकर जाऊन या.”

घरी येऊन मी पिशवी काढली.

“उद्या निघू आपण,” मी म्हणालो.

“उद्या पाणी आलं तर?”

“येऊ दे ना.”

“येऊ दे काय? टाकीत किती राह्यलं ते पाहिलं का तुम्ही? दोन दिवस तिकडं जातेत. आन् मला ते शेवटचं पाहिजे. पाणी येऊन जाऊ द्या, मंग जाऊ.”

मी म्हणालो, “बरं.”

परगावच्या माणसाला हे समजावून सांगणं कठीण आहे. आमच्याकडे लोक मुलगी बघायला जाण्याचा दिवस पाण्यावर धरतात. पाहुण्यांना कळवतात, पाणी येऊन गेलं की या. आज येईल, उद्या येईल असं म्हणत माणूस घराला बांधलेलं राहतं, कारण सोडलेल्या पाण्याच्या वेळी घरात कुणी नसलं तर पुढचे बारा दिवस हातपंपाच्या आणि शेजाऱ्यांच्या दारात. त्यामुळे शैला जे बोलली त्यात वेगळं काहीच नव्हतं. गल्लीत कुणीही तेच बोललं असतं. मीसुद्धा ते ऐकलं आणि पिशवी परत खुंटीला अडकवली.

पाणी चौथ्या दिवशी आलं. शैला कॅमेरा लावून कोपऱ्यावर तासभर उभी होती. धार बारीक झाली आणि तेवढ्यात कॅमेऱ्याची बॅटरी संपली. ती घरी आली तेव्हा हसत होती, पण पायरी चढताना तिनं भिंत धरली. मी ते पाहिलं. “आता उद्या जाऊ,” म्हणालो. ती म्हणाली, “येवढं एक पाणी. बिलकुल पुढच्या पाण्याला घेतेच.”

मी पुन्हा तेच म्हणालो. बरं.

ते बारा दिवस मला अजून दिवसवार आठवतात. कडुलिंबाचा मोहर गळून ओट्यावर पिवळट सडा पडायचा, त्याचा कडसर गोड वास दुपारभर घरात असायचा. पत्र्यांवर पारवे चोची उघडून बसायचे. मोसंबीवाला चार वाजता यायचा. शैलाला मोसंबीचा रस तेवढा जायचा. मी रस काढायचो आणि ती खाटेवर पडून त्या दिवसाचं चित्रण कानाला लावून ऐकायची, बघायची नाही. “आवाज बराबर हाय,” म्हणायची. मी वाचत बसायचो. काय वाचत होतो ते एक अक्षर आठवत नाही.

दुसऱ्या पाण्याला क्षण आला होता. धार पिळायला लागली होती. तेवढ्यात शेवटच्या नंबराची बाई, आठ महिन्यांची गरोदर, घागर उचलताना घसरली. शैलानं कॅमेरा खाली ठेवला आणि तिला धरलं. कॅमेरा चालूच होता. त्यात नुसती ओली फरशी आहे आणि शैलाचा आवाज: “काय न्हाई झालं, काय न्हाई झालं, बस तू, घागर मी आणते.” ती भरलेली घागर तिनं स्वतः त्या बाईच्या घरी नेली. मी वाचनालयात होतो. मला हे नंतर शांताबाईंनी सांगितलं, आणि म्हणाल्या, “सर, तिचा चेहरा पांढरा पडून राह्यला हो. तिला घेऊन जा तुम्ही.”

मी रात्रीच्या जेवणाला विषय काढला. शैलानं ताट बाजूला सारलं आणि म्हणाली, “आता एक पाणी. शपथ.” तिनं कधी शपथ घेतली नव्हती. मला तिला ओढून, भांडून, बसमध्ये बसवता आलं असतं. दुसऱ्या माणसानं तेच केलं असतं. मी आयुष्यभर कुणाशी मोठ्यानं बोललो नाही, आणि हा माझा स्वभाव चांगला आहे असं लोक म्हणत आले. मलाही तो चांगला वाटत होता.

तिसऱ्या पाण्याच्या दिवशी तिला उभं राहता येईना. शांताबाईंच्या ओट्यावर बसली, पाठ भिंतीला, हात कुशीवर. पाणी दुपारी तीनला आलं. धार उतरायला लागली तेव्हा तिनं कॅमेरा माझ्या हातात दिला.

“तुम्ही धरा. काही करायचं न्हाई. नळावर धरायचं फक्त.”

मी धरला. पण त्या छोट्या पडद्यात पहिल्यांदा मला दिसली ती शैला. वरच्या ओठावर घाम, पदराचं टोक दातांत, डोळे नळाकडं. इतकी वर्षं मी तिला पाहत होतो, पण असं चौकटीत धरून कधी पाहिलं नव्हतं. ती वाळली होती. गालाचं हाड वर आलं होतं. ते मला त्या क्षणी कळलं, कॅमेऱ्यातून.

मग तिचं माझ्याकडं लक्ष गेलं.

“अहो! नळाकडं! नळाकडं धरा! माझ्याकडं काय पाहून राह्यले?”

मागून शांताबाई हसल्या, “पाहू दे की वं, नवराच हाय.”

मी कॅमेरा वळवला. भिंत, आभाळ, विजेच्या तारा, आणि मग नळ. धार पिळली, तुटली. एक थेंब. दुसरा. मग तो हवा ओढल्याचा आवाज, लांब, घशातून आल्यासारखा. गल्ली गप्प होती. सगळं तिला हवं होतं तसं आलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही संभाजीनगरला गेलो. डॉक्टरांनी स्कॅनची चित्रं दिव्यासमोर धरून पाहिली आणि विचारलं, “इतके दिवस काय करत होता?” मी तोंड उघडलं. पाण्याची वाट पाहत होतो, हे वाक्य मला त्या पांढऱ्या खोलीत उच्चारता येईना. शैलाच म्हणाली, “पाण्याचं चाल्लं व्हतं, डॉक्टरसाहेब.” त्यांनी ती चित्रं पाकिटात घातली. नंतर बाहेर मला एकट्याला म्हणाले, महिना-दीड महिना आधी आला असता तर कदाचित फरक पडला असता, कदाचित नसता. मी ग्रंथपाल आहे. प्रत्येक पुस्तकाला एक जागा असते आणि ते त्या जागेवर ठेवता येतं, यावर माझी नोकरी चालली. या ‘कदाचित’ला चार वर्षांत मला जागा सापडलेली नाही.

दवाखान्यात खाटेवर पडून तिनं ते चित्रण कॅमेऱ्याच्या पाठीवरच्या पडद्यात पाहिलं. तीनदा पाहिलं.

“आलं हो बराबर. तुम्ही काढलं!”

“तू सांगितलंस तसं धरलं.”

“पण सुरवातीचं काढून टाका. मी कशाला त्यात?”

मी म्हणालो, “बरं.”

नवरात्रात ती गेली. तेव्हा पाऊस चांगला झालेला, नळ चौथ्या दिवशी येत होता. तिला नेलं त्या दिवशी सकाळीच पाणी आलं होतं आणि घरातली सगळी भांडी काठोकाठ भरलेली होती.

मीनल ही शैलाच्या भावाची मुलगी. अंबडला असते, लग्नांचे व्हिडिओ जोडून देण्याचं काम करते. आत्याचा चित्रपट मी पुरा करते म्हणून गेल्या वर्षी सगळं चित्रण घेऊन गेली. लग्नसराईतून वेळ काढून तिनं ते जोडत आणलं. येत्या शनिवारी संध्याकाळी तो गल्लीत, त्याच भिंतीवर, दाखवायचा आहे. शांताबाईंनी चादर धुऊन ठेवली आहे. ती दिसायला जरा पिवळी झाली आहे, पण दुसरी चालणार नाही असं त्यांनी बजावलं आहे.

आज अकराच्या सुमाराला मी ओट्यावर बसून हे लिहीत होतो, तेव्हा मीनलचा फोन आला.

“मामा, सगळं झालं. शेवटचं तेवढं अडलं. सुरवातीचे अकरा सेकंद आत्या हाय त्यात. ठेवू का काढू?”

मी पेन वहीत ठेवलं.

“आत्या तर काढा म्हणल्ती ना?”

“हो.”

“मंग काढू? तिचा नियम व्हता, घरातलं माणूस चित्रात न्हाई. आन् खरं सांगू का मामा, नुसत्या नळापासून सुरू केलं तर ते चांगलं दिसून राह्यलंय. पण मी ते काढते आन् परत लावते. चार दिवस झाले. आज मला द्यायचं हाय. तुम्ही सांगा.”

तिचं म्हणणं बरोबर होतं. शैलानंही तेच केलं असतं, क्षणाचा विचार न करता. काढ म्हणालो असतो तर ते तिच्या शब्दाप्रमाणे झालं असतं. मी तिच्या शब्दाबाहेर कधी गेलो नाही. तिनं नळाकडं म्हटलं, मी नळाकडं वळलो. तिनं थांबा म्हटलं, मी थांबलो. आणि आता पुन्हा तिचाच शब्द माझ्यासमोर होता, आणि तो पाळला तर तिचं शेवटचं हलतंबोलतं रूप गल्लीला कधी दिसणार नव्हतं, आणि मोडला तर तिचा एकुलता एक नियम मी मोडलेला असणार होता, तिला हरकत घेता येत नसताना. दोन्हीकडं तीच नव्हती.

“पाणी येऊन जाऊ दे,” मी म्हणालो. “मग सांगतो.”

मीनलनं वर्षभर ते चित्रण ऐकलं आहे. शैलाच्या तोंडून हे वाक्य त्यात कितीदा येतं, ते तिला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक असणार.

मी फोन कानाशी धरून बसलो. उन्हाची तिरीप पायावर आली होती. आणि तेवढ्यात खालच्या अंगानं ओरडा आला.

“आले वं! नळं आले!”

गल्ली उठली. दारं आपटली, पाइप ओढल्याचे आवाज, कुणाची तरी चप्पल तुटली, कुणी कुणाला शिवी दिली. पहिल्या गढूळ पाण्याचा, तापलेल्या लोखंडाचा तो वास इथवर आला. मला उठायला हवं होतं. माझा दहावा नंबर होता.

“मामा, जा तुम्ही. भरून या,” मीनल म्हणाली.

“थांब. फोन ठेवू नको.”

ती थांबली. मला तीनच शब्द बोलायचे होते. जन्मभर पुस्तकांत काढलेल्या माणसाला ते सापडायला किती वेळ लागला, मला सांगता येणार नाही. खाली एकेक भांडं भरत होतं. आवाज चढत, दबत, मुका होत होता.

“राहू दे तिला,” मी म्हणालो.

“सगळं? ती ओरडती तेपण?”

“तेपण. शांताबाई हसतात तेपण.”

“बरं,” मीनल म्हणाली.

फोन ठेवल्यावर मला काही हलकं वाटलं नाही. अकरा सेकंद म्हणजे काय? ती नळाकडं पाहते, मी तिच्याकडं पाहतो, ती मला रागावते. त्यात कुणी पिशवी खुंटीवरून काढत नाही. शनिवारी गल्ली हसेल, मग गप्प होईल, मग नळातून हवा ओढल्याचा आवाज येईल, आणि सगळे आपापल्या खुर्च्या उचलून घरी जातील. मी तसाच बसून राहिलो. घरातल्या नळाची तोटी उघडी होती, ती एकदा गुरगुरली आणि बसली. कोपऱ्यावरचा गलका हळूहळू ओसरला. मी मनानं नंबर सोडून दिला होता.

दार ढकललं गेलं. शांताबाई आणि त्यांची सून, दोघींनी दोन्हीकडून धरून हंडा आणला होता. दोघींचे पदर भिजलेले.

“सर, झोपले का काय? दहावा नंबर ओरडून ओरडून माझा घसा बसला.”

“राहू द्यायचा होता शांताबाई. मी सोडला होता नंबर.”

“तुम्ही सोडला असंल,” त्या म्हणाल्या. “नंबर शैलाचा व्हता.”

त्यांनी हंडा उंबऱ्याच्या आत टेकवला. काठोकाठ भरलेला होता. आवाज झाला नाही.